कॅप उंच लागते आहे: घासून घ्यायची, की सवय होऊ द्यायची?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा. खालच्या उजव्या पहिल्या दाढेचं रूट कॅनाल झालं आणि पाच आठवड्यांपूर्वी तिच्यावर झिरकोनियाची कॅप बसवली. तेव्हापासून तोंड मिटलं की तीच दाढ आधी लागते. त्या बाजूने चावलं की दुखतं. सकाळी उठल्यावर उजवा गाल आणि कानशील जड झालेलं असतं. कॅप बसवणारे डॉक्टर म्हणाले, 'होईल सवय.' दुसरीकडे दाखवलंत, तर तिथे सांगितलं की तुमचा सगळा चावाच, म्हणजे वरखालचे दात एकमेकांवर बसण्याची ठेवणच, बिघडलेली आहे, वरखालचे दात घासून नव्याने जुळवून घ्यावे लागतील, नाहीतर जबड्याचा सांधा कायमचा खराब होईल. आता ऐकायचं कुणाचं? आणि केसाएवढ्या फरकाने एवढं सगळं होतं का?

मला विचाराल तर दोघांचंही ऐकू नका. पहिल्या सल्ल्यात आळस आहे आणि दुसऱ्यात नको तितका उत्साह. तोंडात न बघता बोलणं म्हणजे उंटावरून शेळ्या हाकणं, हे आधीच कबूल करतो. पण गेली २६ वर्षं मी कॅप, ब्रिज आणि कवळ्या हेच काम करतो, आणि उंच लागणारी नवी कॅप हा माझ्या रोजच्या कामातला प्रश्न आहे. त्यामुळे निदान विचार कोणत्या क्रमाने करायचा एवढं नक्की सांगू शकेन.

आधी केसाचं बघू. दात हाडात खिळ्यासारखा ठोकलेला नसतो. मूळ आणि हाड यांच्यामध्ये साधारण ०.२ मिलिमीटरची फट असते, तिच्यात तंतूंचं जाळं असतं आणि दात त्या जाळ्यात झोळीतल्या मुलासारखा टांगलेला असतो. चावलं की तो आधी किंचित खाली दबतो, मग आधार घट्ट लागतो. या जाळ्यात दाब ओळखणाऱ्या मज्जातंतूंची टोकं असतात आणि ती कमालीची तिखट असतात. दोन दातांमध्ये २० मायक्रॉन, म्हणजे मिलिमीटरचा पन्नासावा भाग, एवढ्या जाडीची वस्तू आली तरी बहुतेकांना कळते. डोक्याचा केस साधारण ५० ते १०० मायक्रॉन जाड असतो. म्हणजे आपण ज्याला केसाएवढा फरक म्हणतो, तो दातांच्या हिशेबात ढळढळीत फरक आहे. 'एवढंसं तर आहे' असं कुणी म्हटलं म्हणून तुमची तक्रार खोटी ठरत नाही.

'पण रूट कॅनालमध्ये नस काढून टाकली ना, मग दाढेला कळतं कसं?' हे मला आठवड्यातून एकदा तरी कुणीतरी विचारतंच. काढलेली नस दाताच्या पोटातली. ती थंड-गरम सांगते. बाहेरचं जाळं जिथल्या तिथे असतं आणि दाब सांगण्याचं काम तेच करतं. घासात खडा आला की आपण विचार करायच्या आत तोंड उघडतं, ती करामत याच जाळ्याची. म्हणून रूट कॅनाल झालेल्या दाताला थंड लागणार नाही, पण कॅप उंच असेल तर ती बरोबर कळेल.

आता यातला खरा पेच. दात उंच असणं आणि दात उंच वाटणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, आणि दोन्हींत रुग्णाच्या तोंडचं वाक्य मात्र एकच असतं: 'डॉक्टर, हा दात आधी लागतो.'

मुळाच्या टोकाशी सूज असली, तर ते जाळं फुगतं आणि दात खोबणीतून किंचित वर उचलला जातो. मग कॅप अगदी मापात असली तरी ती आधी लागणार. इथे उंची हा परिणाम आहे, कारण नव्हे. घासून तात्पुरतं बरं वाटेल, कारण सुजलेल्या दातावरचा मार कमी होईल, पण आतलं दुखणं तसंच राहील. वरच्या दाढांच्या बाबतीत आणखी एक गंमत आहे. त्यांच्या मुळांच्या अगदी वर सायनसची पोकळी असते. सर्दीने ती भरली की वरच्या दाढा लांब झाल्यासारख्या वाटतात. प्रॅक्टिसच्या सुरुवातीच्या वर्षांत मी एका बाईंचं वरच्या दाढेचं फिलिंग तीन वेळा घासलं. चौथ्यांदा त्या आल्या तेव्हा सहज म्हणाल्या, 'खाली वाकलं की त्या बाजूच्या सगळ्याच दाढा जड होतात.' नाक चोंदलं होतं. फिलिंगचा काही दोष नव्हता, दोष माझा. हा प्रश्न मी पहिल्याच दिवशी विचारायला हवा होता. तुमची दाढ खालची आहे, तेव्हा सायनस तुमच्या बाबतीत बाद. मुळाची सूज मात्र बाद नाही, आणि दाताला तडा गेलेला असणं हेही बाद नाही. तड्याची एक खूण असते: चावताना जितकं दुखतं त्यापेक्षा चावा सोडताना जास्त, झटकन कळ येते. दुखणं नेमकं कधी येतं, दाबताना की सोडताना, हे चार दिवस बघून ठेवा. डॉक्टरांना याचा मोठा उपयोग होईल.

समजा, कॅप खरोखरच उंच आहे. का झाली असेल? कॅप बनवणाऱ्या लॅबवर ढकलणं सोपं असतं, आणि कधीकधी चूक तिथली असतेही. पण माझ्या अनुभवात इतर कारणं जास्त सापडतात. दात कोरल्यापासून कॅप येईपर्यंत मध्ये काही दिवस जातात. त्या काळात तात्पुरती कॅप निघून पडली आणि रुग्णाने 'आता चारच दिवस तर आहेत' म्हणून तसंच सोडलं, तर कोरलेला दात किंवा त्याच्यासमोरचा दात मोकळ्या जागेकडे किंचित सरकतो. किंवा शेजारच्या दाताशी कॅप फार घट्ट असते, त्यामुळे ती शेवटपर्यंत खाली बसतच नाही आणि तशीच सिमेंटने चिकटवली जाते. हा प्रकार वाईट, कारण अशी कॅप वरून घासून उंची कमी केली तरी खाली कडेला फट राहते आणि तिथून पुढे कीड लागते. म्हणून पाच आठवड्यांनंतरही उंच लागणाऱ्या कॅपवर घासायची फिरकी लावण्याआधी एक एक्स-रे काढून कॅपची कड दाताला नीट टेकली आहे का ते बघावं. कड उघडी असेल तर घासत बसू नये. कॅप काढून नवी करावी.

तिसरं कारण आमच्या खुर्चीचं. बरेचदा कॅप बसवताना रुग्ण आडवा असतो, तोंड निम्मं बधिर असतं आणि तासभर आ करून दमलेला असतो. आडवं झाल्यावर खालचा जबडा थोडा मागे सरकतो, तेव्हा दात वेगळ्या जागी भेटतात. बधिर बाजूला काही कळत नसतं. अशा माणसाला 'नीट लागतंय का?' विचारलं तर तो 'हो' म्हणणारच, त्याला घरी जायचं असतं! मग संध्याकाळी भूल उतरते, तो उभा राहतो, पहिला घास घेतो आणि टक्कन कळतं. यात कुणी निष्काळजीपणा केला असंच नाही. पण म्हणूनच मी कॅप बसवल्यावर रुग्णाला सरळ बसवून, पाय खाली सोडायला लावून पुन्हा तपासतो.

तपासतात कसं, ते जरा सविस्तर सांगतो, म्हणजे पुढच्या भेटीत तुमच्या तोंडात काय चाललंय ते तुम्हाला कळेल. रंगीत कागद तुम्ही पाहिलाच असेल. तो दातांमध्ये धरून 'चावा, चावा' म्हणतात आणि जिथे दात लागतो तिथे ठिपका उमटतो. आता त्या कागदाचे गुणदोष ऐका. काही कागद २०० मायक्रॉन जाड असतात, म्हणजे २० मायक्रॉनची तक्रार तपासायला दसपट जाड कागद. ओल्या दातावर ठिपका उमटत नाही किंवा पसरतो, म्हणून दात कापसाने कोरडे करावे लागतात. चकचकीत झिरकोनियावर तर रंग आणखी नाखुशीने बसतो. आणि ठिपका मोठा म्हणजे दाब जास्त, हे खरं नाही. मोठा ठिपका नुसता सपाट भाग लागल्याचा असू शकतो. मी शोधतो ती निराळी खूण: बाहेर रंगाचं कडं आणि मधोमध फिका ठिपका, जणू छोटी बांगडी. मध्ये इतका दाब आला की रंगच बाजूला सरला. ती खूण दिसली की समजायचं, गुन्हेगार सापडला.

कागदापेक्षा माझा भरवसा एका पट्टीवर जास्त आहे. ८ मायक्रॉन जाडीची, चांदीसारखी चमकणारी पातळ पट्टी असते. ती चिमट्यात धरून एकेका दाताच्या जोडीत ठेवायची, रुग्णाला चावायला सांगायचं आणि हलकेच ओढायची. दात लागत असतील तर ती अडकते, नसतील तर सुळकन बाहेर येते. कॅप असलेल्या दाढेत पट्टी अडकली आणि तिच्या पुढच्या-मागच्या दातांतून, पलीकडच्या बाजूच्या दाढांतूनही, सुटली, तर वादच संपला. सगळं वजन तो एकटा दात पेलतो आहे. उलट सगळीकडे पट्टी सारखीच अडकत असेल आणि तरीही तुम्हाला तो दात उंच वाटत असेल, तर उंची सोडून दुसरं कारण शोधायला हवं. पट्टी कुणाचीच बाजू घेत नाही. खरं तर दात कोरण्यापूर्वीच, भूल देण्याआधी, कोणकोणत्या दातांत पट्टी अडकते ते लिहून ठेवलं तर नंतरचा निम्मा घोळ टळतो. मी हे फार उशिरा शिकलो.

आणखी एक गोष्ट अनेकदा राहून जाते. नुसतं वरखाली चावून तपासणी पूर्ण होत नाही. चावताना जबडा थोडा आडवाही जातो. बहुतेकांच्या तोंडात जबडा बाजूला सरकवला की त्या बाजूचे सुळे किंवा पुढच्या दाढा भार घेतात आणि मागच्या दाढा एकमेकींपासून सुटतात. नव्या कॅपचा एखादा उंचवटा उतारावर अडला, तर सरळ चावताना काहीच जाणवत नाही, पण बाजूला सरकताना खट्कन अडतं. यात विशेष त्रासदायक म्हणजे उलट्या बाजूचा अडथळा: जबडा डावीकडे नेताना उजवीकडची दाढ घासली जाणं. आडवा जोर दाताला उभ्या जोराइतका सोसत नाही. म्हणून मी दोन रंग वापरतो. आधी लाल कागद ठेवून जबडा चारी बाजूंना घासायला सांगतो, मग निळा ठेवून नुसतं टक् टक् चावायला. निळे ठिपके ठेवायचे आणि निळ्यात न बसणाऱ्या लाल रेघा काढायच्या. वाचायला सोपं आहे, तोंडात लाळ आणि जीभ असताना तितकं नाही.

आता 'सवय होईल' या वाक्याकडे येतो. ते सर्वस्वी खोटं नाही. नवी कॅप बसली की जिभेला आणि मेंदूला तिचा नवा आकार दोनचार दिवस खुपतो. अगदी किरकोळ उंची असेल तर दात दबून, सरकून जुळवून घेतो. माझा स्वतःचा नियम असा: नुसतं वेगळं वाटत असेल पण दुखत नसेल, तर आठवडाभर थांबायला हरकत नाही. चावताना दुखत असेल तर दोनतीन दिवसांपेक्षा जास्त थांबू नये. पाच आठवडे म्हणजे सवय व्हायची मुदत केव्हाच उलटून गेली. त्यात तुमची कॅप झिरकोनियाची. 'झिजून बसेल' ही आशाही इथे नाही, कारण हा पदार्थ इतका कठीण आहे की झिजायचाच असेल तर समोरचा दात आधी झिजेल. दाढेचं नैसर्गिक कवच समोरच्या कवचाशी घासून वर्षाला साधारण ३० मायक्रॉन झिजतं. हिशेब करा, किती महिने वाट बघणार?

मग दात कसं जुळवून घेतो? बरेचदा दात नाहीच, माणूसच जुळवून घेतो. दुखणारी जागा टाळून जबडा थोडा वाकडा मिटायला लागतो, घास दुसऱ्या बाजूला जातो, आणि हे सगळं आपल्याला न कळता होतं. स्नायूंना रोजची वाट सोडून आडवाटेने जावं लागतं. गालातला मॅसेटर आणि कानशिलावरचा टेम्पोरॅलिस हे दोन मोठे चावणारे स्नायू. तुमचं दुखणं नेमकं तिथेच आहे. म्हणजे संबंध असू शकतो. पण 'असू शकतो' हा शब्द मी मुद्दाम वापरतोय, आणि इथूनच दुसऱ्या डॉक्टरांशी माझा मतभेद सुरू होतो.

निरोगी माणसाचे दात दिवसभरात एकमेकांना किती वेळ लागत असतील? एका जुन्या आणि अजूनही सांगितल्या जाणाऱ्या अंदाजानुसार चोवीस तासांत, खाणं आणि गिळणं धरून, जेमतेम १७-१८ मिनिटं. उरलेला सगळा वेळ ओठ मिटलेले आणि दात सुटे, मध्ये २ ते ४ मिलिमीटर अंतर. आता स्वतःकडे बघा. कॅप उंच वाटायला लागल्यापासून दिवसातून किती वेळा दात मिटून 'अजून लागतंय का' ते तपासता? काम करताना, गाडीत, टीव्हीसमोर? हे जवळजवळ सगळे करतात, मीही केलं असतं. पण त्या तपासणीनेच ती १७ मिनिटं कितीतरी वाढतात. स्नायू दुखण्याचं एक कारण उंच कॅप, आणि कित्येकदा त्याहून मोठं कारण ती पुन्हा पुन्हा चावून बघण्याची खोड. झोपेत दात खाण्याची सवय आधीपासून असेल तर आणखीच भर. झोपेतलं दात खाणं चाव्यातल्या अडथळ्यामुळे सुरू होतं, असं पूर्वी शिकवत. आता ते मेंदूच्या, झोपेच्या पातळीवरचं मानतात. दात घासून ते थांबत नाही.

या विषयाचा इतिहास थोडा सांगायलाच हवा, कारण दुसरा सल्ला त्यातून आला आहे. १९३४ साली जेम्स कॉस्टन या अमेरिकन कान-नाक-घसा तज्ज्ञाने मांडलं की मागचे दात गेल्याने जबडा जास्त मिटतो, सांध्यावर दाब येतो आणि त्यातून कानदुखी, डोकेदुखी, चक्कर असं सगळं होतं. त्याचं शरीररचनेचं स्पष्टीकरण पुढे टिकलं नाही, पण 'जबडा दुखतो म्हणजे चावा चुकलाय' ही कल्पना आमच्या व्यवसायात घट्ट बसली. पुढची कित्येक दशकं जबडेदुखीच्या रुग्णांचे चांगले दात घासून 'जुळवले' गेले. मग लोकांनी तपासून बघितलं. इटलीत नेपल्सच्या संशोधकांनी निरोगी तरुणींच्या दातांवर सोन्याच्या वर्खाची बारीक पट्टी चिकटवून मुद्दाम अडथळा निर्माण केला आणि स्नायूंचं काम नोंदवलं. अपेक्षा काय असेल? स्नायू आणखी आवळतील. झालं उलट. काही दिवस त्यांनी ती जागा टाळली, स्नायूंचं काम कमी झालं, आणि कुणालाही जबड्याचा विकार जडला नाही. फिनलंडमध्ये तुर्कूला असाच प्रयोग झाला, त्यात आणखी एक गोष्ट दिसली: ज्यांना आधी जबड्याचा त्रास होऊन गेला होता, त्यांना खोट्या अडथळ्याचा त्रास इतरांपेक्षा जास्त झाला. माझ्या खुर्चीतही हेच दिसतं. एकाच्या तोंडात अर्धा मिलिमीटर उंच कॅप असते आणि त्याला पत्ता नसतो. दुसऱ्याला ३० मायक्रॉन झोप लागू देत नाहीत. दोघंही खरं बोलत असतात.

सगळे दात घासण्याबद्दल २००३ साली कॉक्रेन या वैद्यकीय पुरावे तपासणाऱ्या संस्थेच्या आढाव्याने तोवरच्या चाचण्या एकत्र करून पाहिल्या. जबड्याचा विकार बरा करायला किंवा टाळायला असं घासण्याचा उपयोग होतो, याला पुरावा मिळाला नाही. त्याआधी १९९६ साली अमेरिकेच्या राष्ट्रीय आरोग्य संस्थेने भरवलेल्या परिषदेचाही सूर हाच होता: आधी असे उपचार करा जे मागे घेता येतात. कवच एकदा घासलं की परत येत नाही. तुमच्या तोंडातली एकमेव नवी गोष्ट म्हणजे ती कॅप. ती यायच्या आधी जबडा दुखत नव्हता, असं तुम्हीच लिहिलंय. मग एका कॅपच्या तक्रारीसाठी उरलेले सगळे दात घासणं म्हणजे रोग रेड्याला आणि औषध पखालीला.

'तुमचा चावा आदर्श नाही' हे वाक्य ऐकून घाबरूही नका. सांधा आपल्या जागी मागे बसलेला असताना दात जिथे पहिले भेटतात आणि पूर्ण मिटल्यावर जिथे बसतात, या दोन जागांत बहुतेक निरोगी माणसांमध्ये सुमारे एक मिलिमीटरचा फरक असतोच. पुस्तकातला आदर्श चावा मला फारसा भेटलेला नाही. माझ्या स्वतःच्या तोंडातही नाही!

याचा अर्थ चाव्याला महत्त्व नाही असं नव्हे. नवीन बसवलेली वस्तू जुन्या चाव्याला अडत असेल तर ती दुरुस्त करणं आमचं काम आहे आणि ते लवकर व्हायला हवं. फरक एवढाच की दुरुस्ती त्या वस्तूची करायची. इम्प्लांट, म्हणजे हाडात बसवलेलं कृत्रिम मूळ, असेल तर मी आणखी कडक होतो. इम्प्लांटभोवती ते तंतूंचं जाळं नसतं, ते थेट हाडाला जुळलेलं असतं. त्यामुळे उंच असलं तरी रुग्णाला लवकर कळत नाही, आणि ते दबून भार शेजाऱ्यांवर सोडतही नाही. तिथे मी रुग्णाच्या 'ठीक आहे' वर विसंबून राहत नाही.

तुमच्या बाबतीत मी काय केलं असतं? आधी एक्स-रे: कॅपची कड आणि मुळाचं टोक. दातावर हलकं ठोकून बघायचं, हिरडीत कुठे एकाच जागी खोल खड्डा आहे का ते तपासायचं, कारण तो मुळाच्या तड्याचा इशारा असू शकतो. मग पट्टी आणि दोन रंगांचे कागद. उंची पक्की झाली तर कॅपच घासायची, बारीक हिऱ्याच्या फिरकीने, पाणी सोडत, एका वेळी थोडीच. दोनदा घासलं की एकदा पट्टी. शेजारच्या दातांत पट्टी जशी अडकते तशी इथे अडकली की थांबायचं. जास्त घासण्याचा मोह आवरायला लागतो, कारण रुग्णाला लगेच फार बरं वाटतं. पण दात चाव्यातून पूर्ण सुटला तर तो आणि समोरचा दात काही महिन्यांत पुन्हा एकमेकांकडे येतात, आणि येताना हव्या त्या जागी येतीलच असं नाही.

शेवटी पॉलिश. इथे आग्रह धरा. घासून खरबरीत सोडलेला झिरकोनिया समोरच्या दाताला कानशीसारखा खातो. तोच नीट पॉलिश केला तर निरुपद्रवी असतो. पाच-सात मिनिटांचं काम आहे, पण घाईच्या दिवशी पहिलं तेच राहतं. जिभेने तपासा. काच लागल्यासारखं गुळगुळीत लागलं पाहिजे. कधीकधी समोरचा दात टोकदार असतो किंवा वर आलेला असतो, आणि कॅप घासून पातळ होईल अशी भीती असते. तेव्हा समोरच्या दाताचं टोक थोडं गोल करणं योग्य ठरतं. पण ते तुम्हाला आधी सांगून, तुमचा होकार घेऊन. तुमच्या पाठीमागे नाही.

घासल्यावर दाताचं दुखणं एकदोन दिवसांत उतरायला लागतं, दोन आठवड्यांत जवळजवळ जावं. स्नायूंना थोडा जास्त वेळ लागतो. तोवर दात सुटे ठेवायची आठवण, गालावर कोमट शेक आणि चिवट काही फार वेळ न चावणं एवढं पुरतं. दोन आठवड्यांनी पट्टी सगळीकडे सारखी अडकते आणि तरी चावताना दुखतं, तर पुन्हा घासू नका. मग रूट कॅनाल आणि तडा यांच्याकडे वळायचं. सूज, ताप, पू किंवा तोंड उघडेनासं झालं, तर या कशाचीच वाट न बघता लगेच दाखवा.

एक अवघड गोष्ट राहिली. काही जणांना चावा कधीच बरोबर लागत नाही. पट्टी, कागद, एक्स-रे सगळं ठीक, पण ते सहा डॉक्टर फिरून येतात आणि प्रत्येकाने थोडं थोडं घासलेलं असतं. हे ढोंग नसतं. मेंदूची दाताकडे लक्ष देण्याची यंत्रणाच अडकून बसलेली असते, आणि प्रत्येक घासण्याने ती आणखी जागी होते. पाच आठवड्यांत तुमचं तसं झालंय असं मला अजिबात वाटत नाही. सांगतोय ते एवढ्यासाठी की घासणं झाल्यावर दिवसातून पन्नास वेळा चावून बघू नका.

आता भेट ठरवताना एवढं करा. कॅप बसवणाऱ्या डॉक्टरांकडेच परत जा. ते वाईट म्हणून मी पहिला सल्ला आळशी म्हटला नाही. आडवा आणि बधिर रुग्ण तपासून त्यांनी तो दिला असण्याची शक्यता मोठी आहे. शक्यतो सकाळची वेळ घ्या, दिवसभर चावून स्नायू दमण्याआधीची. 'सवय होत नाहीये' असं न म्हणता नेमकं सांगा: कोणता दात, सरळ चावताना की बाजूला सरकवताना, दाबताना की सोडताना. पातळ पट्टीने, सरळ बसवून बघाल का, असं विचारा. कुणी चांगला डॉक्टर यावर रागावत नाही. आणि भूल देऊ लागले तर आधी नाही म्हणा. दात बधिर झाला की तोंडातलं सगळ्यात अचूक माप बंद पडतं, आणि कॅप घासायला भूल लागतही नाही.